राब्बी नेमला एक, कामाला लागली दोघं

पत्र

शालोम मावशी,

मी ठाण्याची, लग्नानंतर इस्रायलमधल्या दिमोनाला आले. बेर-शेवाच्या एका हॉस्पिटलात नर्स आहे. माझ्या नवऱ्याने नोकरी सांभाळून राब्बीच्या, म्हणजे ज्यू धर्मगुरूच्या, सगळ्या परीक्षा दिल्या आणि गेल्या सुकोथच्या सणानंतर आमच्या बेने इस्रायल, म्हणजे कोकणातून आलेल्या ज्यू मंडळींच्या सिनेगॉगने त्याला राब्बी नेमलं. पेढे वाटले. पण त्या दिवसापासून मी 'रब्बानीत', राब्बीची बायको, झाले. शुक्रवारी रात्री बारा-पंधरा माणसं जेवायला, तीही आमच्याच पगारातून. बायका रात्री अकरालासुद्धा फोन करतात. पाळीनंतर मिकवेला, म्हणजे शुद्धीच्या स्नानाला, कधी जायचं, सून दूध आणि मटणाची वेगळी ठेवायची भांडी एकत्र करते, मुलीचं लग्न जमत नाही. मला उत्तरं येत नाहीत. कमिटीतले एक काका म्हणाले, "राब्बीच्या घरच्या बाईने रात्रपाळी करणं बरं दिसत नाही, नोकरी सोडा." सासूबाई म्हणतात, "आपल्यात कोकणात राब्बीच नव्हते, मग राब्बीच्या बायकोने कसं वागायचं हे तुला शिकवणार कोण?" आणि एक गोष्ट फार जड झाली आहे. एका बाईने मला सांगितलं की नवरा तिला मारतो. तो माणूस रोज आमच्या सिनेगॉगमध्ये येतो, माझ्या नवऱ्याशेजारी बसतो. हे मी घरी सांगू का? आणि मुळात मी हे सगळं करायला बांधील आहे का?

– दिमोनाची एक सून

उत्तर

प्रिय लेकी,

त्या बाईचा प्रश्न आधी घेते. बाकीचं थांबू शकतं, ते नाही.

तिने सांगितलेली गोष्ट तिची आहे. तिला विचारल्याशिवाय ती तुझ्या नवऱ्यालाही सांगू नकोस. तो कितीही भला असला तरी रोज सकाळी त्या माणसाच्या शेजारी बसतो. एखाद्या दिवशी त्याच्या चेहऱ्यावर काही दिसलं तर कुणी सांगितलं हे त्या माणसाला लगेच कळेल आणि भोगावं लागेल तिला. म्हणून तिला एकटीला गाठ. सिनेगॉगमध्ये नको, बाजारात किंवा दवाखान्यात. तिला विचार, आत्ता घरी राहण्यात धोका आहे का, मुलांवर हात उचलला जातो का, आणि राब्बींना कळलेलं तुला चालेल का. तिच्या हातात 118 हा नंबर दे, ती समाजकल्याण खात्याची हेल्पलाइन आहे. जीवावर बेतलं तर पोलिसांचा 100. तुझ्या हॉस्पिटलात सोशल वर्कर आहेतच, त्यांच्याशी तिची गाठ घालून दे. मात्र मुलांना मारहाण होत असेल तर गुपित तिथेच संपतं. इस्रायलमध्ये 1989 पासून अशी गोष्ट कळवणं प्रत्येकावर कायद्याने बंधनकारक आहे, आणि तू तर नर्स आहेस. हे तिला आधीच सांगून ठेव, म्हणजे फसवल्यासारखं वाटणार नाही.

एक वाक्य मात्र तिला चुकूनही ऐकवू नकोस: "जरा सांभाळून घे, शालोम बायित महत्त्वाचं." घरातली शांती ही फार मोठी गोष्ट आहे, मी ती मानते. पण या दोन शब्दांच्या जोरावर किती बायकांना परत त्याच घरात पाठवलं गेलं आहे! उद्या ती वेगळं व्हायचं म्हणाली, तर गेट, म्हणजे घटस्फोटाचा कागद, नवऱ्यानेच द्यावा लागतो, आणि तेव्हा राब्बीच्या शब्दाला वजन असतं. म्हणून तिची तयारी झाली की तुझ्या नवऱ्याला जरूर सांग. तेव्हा त्याने काय करायचं ते ठरवता येईल. घाई कधी करायची ते तिने ठरवावं, त्याने नाही.

आता बघ, राब्बी होता की सिनेगॉगमध्ये. तरी ती तुझ्याकडे आली. बायका राब्बीच्या बायकोकडे का येतात, त्याचं मोठं कारण हेच आहे. आपल्या धर्मात कितीतरी प्रश्न बाईच्या शरीराशी बांधलेले आहेत. पाळी, त्यानंतर मोजायचे दिवस, मिकवेचं स्नान, बाळंतपण. डाग दिसला, तो कसला धरायचा हे राब्बीने ठरवायचं. पण ते कापड परक्या पुरुषासमोर धरायला कोणती बाई राजी होईल? मग ते कापड राब्बीच्या बायकोच्या हातात जायचं, ती आतल्या खोलीत नेऊन दाखवायची आणि उत्तर घेऊन बाहेर यायची. पिढ्यान् पिढ्या असं चाललं. पूर्व युरोपातल्या गावांत रेबेत्झिन म्हणायचे तिला. तिच्या नावावर निर्णय क्वचितच नोंदलेला सापडतो, पण किती निर्णय तिच्या उंबऱ्यावरून गेले असतील! आणि काही वर्षं हे काम केल्यावर अर्ध्या प्रश्नांची उत्तरं तिची तिलाच येत असणार, असं मला पक्कं वाटतं.

त्यातूनच पुढे एक चांगली गोष्ट झाली. जेरुसलेममध्ये राब्बी येहुदा हेन्किन यांच्या पत्नी हाना हेन्किन यांनी 1990 मध्ये निश्मत ही बायकांना तोरा, म्हणजे धर्मशास्त्र, शिकवणारी संस्था काढली. याच विषयाच्या सल्लागार बायका तयार करण्याचा अभ्यासक्रम तिथे 1997 मध्ये सुरू झाला, पहिली तुकडी 1999 मध्ये बाहेर पडली. अशा बाईला योएत्झेत हलाखा, म्हणजे धर्मनियमांची सल्लागार, म्हणतात. बाई फोन करते, पलीकडून शिकलेली बाईच बोलते. एका राब्बीच्या बायकोने पाहिलं की बायका लाजेने विचारतच नाहीत किंवा स्वतःवर नको तितकं कडक बंधन घालून घेतात, आणि तिने त्याची कायमची सोय केली. तुझ्या रात्री अकराच्या फोनांना उत्तर इथे आहे. निश्मतचा नंबर फ्रिजवर लाव आणि विचारणाऱ्या बाईला मराठीत सांग, "मला हे येत नाही, इथे विचार." न येणारं उत्तर अंदाजाने देऊ नकोस. मिकवेच्या स्नानापर्यंत नवरा-बायको जवळ येत नाहीत, तेव्हा तुझ्या एका अंदाजावर कुणाचं तरी घर आठवडाभर अडून राहतं.

आता बांधील आहेस का, ते. नाहीस. तुझी नेमणूक झालेली नाही, तुझी मुलाखत कुणी घेतली नाही, तुला पगार नाही. तालमूद या धर्मग्रंथात एक वचन आहे की विद्वानाची बायको विद्वानासारखीच. ते तिला मान द्यावा म्हणून सांगितलं आहे. तिला फुकट राबवून घ्यावं, असं त्यात कुठे म्हटलेलं नाही.

जुन्या काळी लोक यात आपल्यापेक्षा सरळ होते. लिथुआनिया-पोलंडच्या ज्यू गावांत राब्बीला रोख पगार फार थोडा असायचा. त्याऐवजी गावात खमीर विकायचा हक्क राब्बीच्या घराला मिळायचा, कुठे मेणबत्त्यांचा, कुठे मिठाचा. दुकान चालवायची त्याची बायको. शब्बाथचा, म्हणजे शनिवारच्या विसाव्याच्या दिवसाचा, हल्ला नावाचा पाव भाजायचा म्हणजे खमीर हवंच, तेव्हा गावातल्या झाडून सगळ्या बायका शब्बाथच्या आधी तिच्या दारात. डोळ्यांसमोर आण जरा. तिच्या हातात खमिराचा गोळा, सुरीने ती तुकडे पाडते आहे, समोर शालीत गुंडाळलेल्या बायकांची रांग. या आठवड्यात कुणी नेहमीपेक्षा लहान तुकडा मागितला, कोण उधारीवर नेते आहे, कोण आलीच नाही, सगळं तिच्या नजरेत. कुणाच्या घरी गुपचूप पीठ पाठवायला हवं हे राब्बीला पोथीत कुठून कळणार? ते तिला कळायचं. मला तर वाटतं, राब्बीच्या बायकोचा जो प्रभाव म्हणतात तो असल्या रांगेत तयार झाला. राडिन गावचे विद्वान हाफेत्झ हाइम इतके मोठे, निंदा-चहाडीच्या नियमांवर त्यांनी 1873 मध्ये लिहिलेला ग्रंथ आजही घराघरांत शिकतात. त्यांच्याही संसाराला आधार होता तो बायको चालवत असलेल्या छोट्या किराणा दुकानाचा. म्हणजे राब्बीची बायको कमावती असणं ही आपल्याकडची जुनी रीत आहे. तुझ्या त्या काकांना हे सांग. रात्रपाळी बरी दिसत नाही म्हणे! आजाऱ्याची सेवा हे तर तोरातलं पुण्यकर्म, आणि तू ते करतेस. नोकरी सोडू नकोस. तुझ्या पगारावर घर उभं आहे, आणि कमिटीपुढे तुझा नवरा ताठ मानेने उभा राहू शकतो तोही त्यामुळेच.

इथे तुला एका बाईची गोष्ट सांगायलाच हवी. माझी फार लाडकी आहे ती. असनाथ बर्झानी, सतराव्या शतकातली, कुर्दिस्तानातली. वडील मोठे राब्बी, अनेक येशिवा, म्हणजे धर्माच्या पाठशाळा, चालवायचे. मुलगा नव्हता, मुलीलाच त्यांनी तोरा शिकवला. लग्न आपल्याच शिष्याशी, याकोव मिझ्राही यांच्याशी लावून दिलं, पण एक अट घालून: माझ्या मुलीला घरकामाला लावायचं नाही, तिचा अभ्यास चालू राहिला पाहिजे. जावयाने कबूल केलं आणि पाळलंही. मोसुलची येशिवा सासऱ्यांनंतर जावई चालवत होता, तरी पोरांना शिकवायची बरीचशी जबाबदारी असनाथचीच, कारण नवरा स्वतःच्या अभ्यासात बुडालेला. पुढे नवरा वारला आणि येशिवा तिच्याच हातात आली. पैसा नव्हता, कर्ज झालं, घर जप्त झालं, पुस्तकंसुद्धा गेली. तेव्हा तिने मदत मागायला हिब्रूत लिहिलेलं पत्र आजही आहे. त्यात ती सांगते की मी विद्वानांच्या मांडीवर वाढले, वडिलांनी मला तोराशिवाय दुसरं काम शिकवलं नाही. दारोदार फिरून पैसे गोळा करणं बाईला शोभणार नाही म्हणून पत्र लिहिते आहे, असंही म्हणते. तिला मान मिळाला तो राब्बीची मुलगी आणि राब्बीची बायको म्हणून. ते मी नाकारत नाही. पण ती जे झाली ते त्या अटीमुळे. अट लग्नाच्या वेळीच घातलेली होती.

याच्या उलट राहेलची गोष्ट. तालमूदमधल्या राब्बी अकीवांची बायको. तुझ्या नवऱ्याच्या नेमणुकीच्या दिवशी कुणीतरी सांगितली असेलच, सगळीकडे सांगतात. श्रीमंत कल्बा सावुआची मुलगी, बापाने घराबाहेर काढली, तरी अडाणी गुराख्याशी लग्न केलं आणि त्याला शिकायला पाठवलं. बारा वर्षं, मग आणखी बारा. तो 24,000 शिष्य घेऊन परतला. फाटक्या वस्त्रांत ती पुढे आली तेव्हा शिष्य तिला ढकलू लागले आणि अकीवा म्हणाले, "सोडा तिला. माझं आणि तुमचं जे आहे ते तिचं आहे." ही गोष्ट ऐकून माझे डोळे भरतात आणि रागही येतो. चोवीस वर्षं ती कशी जगली यावर गोष्टीत चार ओळी नाहीत, आणि बायकांना ती आदर्श म्हणून ऐकवतात. तू त्यातला शेवटचा भाग घे. अकीवा ते सर्वांसमोर म्हणाले. तुझ्या नवऱ्यालाही बोलायचं आहे ते सर्वांसमोर. कमिटीला उत्तर तू देऊ नकोस, त्याने द्यायचं. "माझी बायको नर्स आहे, ती नोकरी करणार, आणि शुक्रवारचं जेवण ती झेपेल तेव्हाच ठेवणार." तू म्हणालीस तर सून तोंडाळ ठरेल. तो म्हणाला तर राब्बींचं म्हणणं ठरेल. हे न्याय्य नाही, पण आज तरी असंच आहे.

आणि वागायचं कसं, याची एकच रीत नाही. इस्रायलच्या बने ब्राकमध्ये बात्शेवा कानिएव्स्की होत्या, राब्बी हाइम कानिएव्स्कींच्या पत्नी. 2011 मध्ये वारल्या. त्यांच्या दारात रोज बायकांची रीघ. मूल होत नाही, आजार आहे, लग्न मोडलं, आणि त्या प्रत्येकीचा हात हातात घेऊन ऐकायच्या. दुसरीकडे ब्रुकलिनमध्ये हाया मुश्का श्नेअरसन, लुबाविच या हसिदी चळवळीचे गुरू, म्हणजे रेब्बी, यांच्या पत्नी. जगभरचे अनुयायी, पण या बाई लोकांसमोर जवळजवळ यायच्याच नाहीत. फोनवर स्वतःची ओळख 'प्रेसिडेंट स्ट्रीटवरच्या मिसेस श्नेअरसन' एवढीच. 1980 च्या दशकात त्यांच्या वडिलांच्या ग्रंथसंग्रहावरून कोर्टात वाद झाला: ग्रंथ घराण्याचे की चळवळीचे? त्यांची जबानी घेतली तेव्हा त्या म्हणाल्या, ग्रंथ हसिदांचे, म्हणजे अनुयायांचे, कारण माझे वडीलच हसिदांचे होते. 1987 मध्ये निकाल चळवळीच्या बाजूने लागला. त्या जबानीला तिथले लोक आजही मान देतात. दोघी एकाच काळातल्या, दोघींचा दबदबा मोठा, आणि एकीचं दार सदा उघडं तर दुसरीचं बंद. तू नर्स आहेस, दिवसभर माणसांत असतेस. तुझं दार थोडं लोटलेलं राहिलं तर त्यात पाप नाही.

आपल्या मुंबईतली रिवका होल्त्झबर्ग तर तुला आठवतच असेल. 2003 मध्ये नवऱ्याबरोबर आली, कुलाब्याच्या नरिमन हाऊसमध्ये दोघांनी घर मांडलं. फिरस्ती इस्रायली पोरं, व्यापारी, कुणीही शुक्रवारी तिच्या टेबलाशी बसायचं. 2008 च्या नोव्हेंबरात दोघं तिथेच मारली गेली आणि त्यांच्या दोन वर्षांच्या मुलाला, मोशेला, त्याला सांभाळणाऱ्या सांड्रा सॅम्युएल यांनी छातीशी धरून बाहेर काढलं. तिच्याबद्दल आजही धडपणे बोलता येत नाही मला. पण लोक तिचं उदाहरण देऊन तुला म्हणतील, "बघ, ती कशी सगळ्यांना जेवू घालायची." तेव्हा हे लक्षात ठेव की हाबादमध्ये, म्हणजे रिवका ज्यातली त्या लुबाविच चळवळीत, राब्बी आणि बायको दोघांनाही पाठवतात. बाईही तितकीच नेमलेली असते, दरवर्षी अशा बायकांचा वेगळा मेळावा ब्रुकलिनमध्ये भरतो, आणि लग्नाआधीच दोघांचं ठरलेलं असतं की जन्मभर हेच करायचं. रिवकाने ते निवडलं होतं. तुला कुणी विचारलंही नाही.

अमेरिकेत राब्बींच्या बायकांनी सिनेगॉगमधल्या बायकांच्या संघटना काढल्या. 1913 मध्ये कॅरी सायमन, 1918 मध्ये मॅथिल्डा शेख्टर, 1923 मध्ये रिबेका गोल्डस्टाइन, तिघी तीन पंथांच्या. हजारो बायका त्यातून सिनेगॉगच्या कामाला लागल्या. तुझ्या दिमोनाला इतकं मोठं काही नको, पण त्यातली एक गोष्ट, काम अनेकींनी वाटून घेणं, मला सासूबाईंच्या प्रश्नापर्यंत आणते.

सासूबाईंचं म्हणणं खरं आहे. कोकणात आपल्याला राब्बी नव्हते. गावोगाव फिरून लग्नं लावणारे, सुंता करणारे काजी होते, पुढे सिनेगॉगात प्रार्थना चालवणारे हज्जान आले. मग धर्म टिकला कसा? शनिवारी घाणा बंद ठेवून शनवार तेली म्हणवून घेतलं ते पुरुषांनी, पण घरातली चूल शनिवारी पेटली नाही ती बायकांमुळे. मटणाच्या रश्श्यात दही-दूध न घालता नारळाचं दूध घालायचं, हे कुणा राब्बीने शिकवलेलं नाही. आणि गंमत बघ, ही सगळी कामं एका बाईच्या डोक्यावर नव्हती. मलिद्याच्या विधीचे पोहे, खोबरं, फळं कशी मांडायची हे एकीला चोख ठाऊक. मेंदीची गाणी दुसरीला. बाई वारली तर तिला अंघोळ घालायला कोणाला बोलवायचं हेही ठरलेलं. तुझ्या सासूबाईंना यातलं काय येतं ते विचार. मला वाटतं त्यांच्या त्या बोलण्यात टोमणा कमी आणि काळजी जास्त आहे. आणि त्यांच्याकडे तुला हवं ते उत्तर आहे: रब्बानीत एक नको, पाच-सहा बायका हव्यात.

त्या बायका तुझ्यामागे इतक्या का लागतात तेही समजून घे. 1960 नंतर इस्रायलच्या राब्बीमंडळाने आपल्या लोकांच्या लग्नांवर शंका घेतली, वंश तपासायला लावला. 1964 मध्ये आपली माणसं जेरुसलेमला धरणं धरून बसली, तेव्हा कुठे क्नेसेतने, म्हणजे इस्रायलच्या संसदेने, ठराव केला की बेने इस्रायल सर्वार्थाने ज्यू आहेत. दिमोनातल्या आजी-आजोबांना हे सगळं लख्ख आठवतं. राब्बी म्हटलं की त्यांच्या पोटात गोळा यायचा. आता राब्बी आपल्यातला आहे, त्याची बायको ठाण्याची आहे, तिला मराठीत विचारता येतं आणि ती 'तुम्ही खरे ज्यू का' असं विचारत नाही. एवढ्या वर्षांचं साठलेलं विचारायला आल्या आहेत त्या. त्यांच्यावर चिडू नकोस. पण सगळं तुझ्या एकटीने ऐकायचं नाही.

मग करायचं काय? पेसाहच्या सणाआधी नवऱ्याबरोबर बस आणि कमिटीला द्यायचा कागद तयार करा. शुक्रवारचं जेवण महिन्यातून एकदा तुमच्या घरी, त्याचा खर्च सिनेगॉगच्या खात्यातून. बाकीचे शुक्रवार पाळीपाळीने इतर घरांत. महिन्यातला एक शब्बाथ फक्त तुमचा, कुणीही पाहुणा नाही. फोन रात्री नऊपर्यंत, पण जीवाचं संकट असेल तर केव्हाही. पाळी-मिकवेचे प्रश्न निश्मतकडे. आणि तुझ्याकडून एकच काम, तुला आवडेल ते. तू नर्स आहेस म्हणून सुचवते: आठवड्यातून एक संध्याकाळ म्हाताऱ्या बायकांचं ब्लडप्रेशर तपासायचं, मराठीत गप्पा मारत. बोलणाऱ्या तिथे आपोआप बोलतील, आणि ज्या बाईचं घरी बरं चाललेलं नाही तिला तुझ्याकडे यायला कारण मिळेल. नोकरीचा विषय त्या कागदात घालूच नका, तो कमिटीचा नाही.

सिनेगॉगबाहेरची एक मैत्रीण मात्र जप. हॉस्पिटलातली असेल, शेजारची असेल. जिच्यापुढे तू कुणाचीच रब्बानीत नाहीस आणि जिला तुझ्या सासूबाईंचं नावही माहीत नाही. राब्बींच्या बायका एकाकीपणाबद्दल जे सांगतात ते फार सारखं असतं: सगळ्यांचं ऐकायचं आणि स्वतःचं सांगायला गावात कुणी नाही.

कमिटीने कागदावर काय म्हटलं ते कळव, नाही म्हटलं तरी कळव. आणि त्या बाईला भेटायचं मात्र या आठवड्यातच.

– तुझी मावशी